बसवरून ठेवलेलं नाव

बाबांनी रॉकेलची बाटली जुन्या बनियनच्या बोळ्यावर उपडी केली, बोळा घट्ट पिळला आणि भंगारवाल्याला म्हणाले, “शिडी दे.”

“शिडी कशाला?” धाकटी म्हणाली. “इथून दिसतंय ना सगळं.”

“इथून धूळ दिसते.”

“मग धूळ बघा आणि चला. घरातला जिना चढलात तरी धाप लागते, आणि म्हणे शिडी!”

भंगारवाल्याने एकदा बापाकडे पाहिलं, एकदा लेकीकडे, आणि शिडी आणून दोघांच्या मधोमध टेकवली. ज्यांचं भांडण त्यांनी मिटवावं. शेवटी बाह्या सरसावून चढली ती धाकटीच. समोर निळ्या बसचं कपाळ होतं, आणि कपाळावर धुळीच्या थराखाली तिचं स्वतःचं नाव. एकेक अक्षर तिच्या पंजाहून मोठं. ती पुसायला लागली.

“हळू! रंग निघेल,” बाबा खालून ओरडले.

“निघू दे की. उद्या अख्खी गाडीच कापणार आहेत.”

बाबांनी खालून शिडी दोन्ही हातांनी धरली, आणि धाकटीला आपल्या जिभेचा राग आला. म्हाताऱ्याने इतक्या वर्षांत कधी काही मागितलं नव्हतं. बसमालकाच्या गॅरेजमागे गंजत पडलेली ती बस त्याच्या नातवंडांनी भंगारात काढली, हे कळल्यावर एवढंच म्हणाले होते, “एकदा बघून येऊ या का?” तिला यायचं नव्हतं. या बसने तिला कमी छळलं नव्हतं.

बाबा पाट्या रंगवायचे. दुकानांच्या, दवाखान्यांच्या, ट्रकांच्या, बसच्या. आणि त्यांना एक खोड होती. ब्रश रंगात बुडवण्याआधी ते गिऱ्हाइकाला विचारायचे, “कोणावरून?” नाव कोणावरून ठेवलं, आडनाव कशावरून पडलं. कुणी सांगायचं, पणजोबा दोर वळायचे. कुणी म्हणायचं, आमचं मूळ गाव नदीपलीकडचं. एका घराण्याचं आडनाव तर तिरसट खापरपणजोबाच्या स्वभावावरून पडलेलं, आणि बाबांच्या मते तो स्वभाव अजून पिढीजात चालू होता, कारण त्या लोकांनी एकच पाटी तीनदा पुसायला लावली होती. ज्याला ठाऊक नसेल त्याला बाबा सरळ घरी पिटाळायचे, म्हाताऱ्यांना विचारून ये म्हणून. “नुसतं नाव काय, कुत्र्यालाही असतं,” असं त्यांचं म्हणणं.

असा माणूस आपल्या पोरांची नावं वाऱ्यावर सोडेल होय? दादाचं नाव एका थोर गणितज्ञावरून होतं. बिचाऱ्याची बेरीज चुकली की मोठ्या माणसाची लाज काढतोस म्हणून बोलणी बसत. ताईचं नाव एका गायिकेवरून. ती बाई रेडिओवर गायला लागली की आईचं शेगडीवरचं दूध हमखास उतू जायचं. आणि धाकटीचं?

धाकटीचं बसवरून. सगळ्या गल्लीला ठाऊक होतं. निळी बस सकाळी नाक्यावरून डोंगराकडे जायची आणि संध्याकाळी परत यायची. मग धाकटीचं बालपण कसं गेलं ते विचारूच नका. “आज उशीर केला बाई हिने.” “काल चढणीवर बसली म्हणे फतकल मारून, लोकांनी उतरून ढकललं.” नाक्यावरची माणसं असं बोलायची, आणि दप्तर घेऊन ती समोरून आली की खो खो हसत सुटायची. घरी तरी सुटका असावी? तेही नाही. ती जरा फुरंगटली की ताई म्हणायची, “झालं, इंजिन तापलं. पाणी ओता.” आईसुद्धा तोंडावर हात धरून हसायची.

आई हसायची हेच तिला जास्त लागायचं. नववीत असताना एकदा तिने बाबांना धरलं होतं. “त्या दोघांसाठी एवढी मोठी माणसं शोधलीत. माझ्या वेळी कंटाळा आला का?” बाबा ब्रश धूत होते. मान वर न करता म्हणाले, “गाडी चांगली आहे.” झालं! एवढंच उत्तर. त्या उत्तराचा तिने पुढे वर्षानुवर्षं कीस काढला. तिसरं पोर, त्यात पुन्हा मुलगी, हौस फिटली असेल. लग्न झालं, मुलं मोठी झाली, शिवणाचा क्लास नावारूपाला आला, बाबा तिच्याकडेच राहायला आले, तरी कुणी सहज विचारलं, “किती छान नाव, कुणी ठेवलं?” की तेच जुनं दुखणं उठायचं. आपल्यासाठी बाबांनी कुणाला शोधलं नाही. नाक्यावर जे दिसलं ते उचललं.

“पेंटर! अहो पेंटर!”

फाटकातून काठी टेकत एक म्हातारा येत होता. चेहरा तिला ओळखता आला नाही, पण आवाज विसरणं शक्यच नव्हतं. बसचा जुना कंडक्टर.

“तुम्हालाही कळलं?” बाबा म्हणाले.

“कळणार नाही? अर्धा जन्म हिच्या दारात लटकून काढला. म्हटलं, शेवटचं बघून घ्यावं.” त्याने वर पाहिलं. “आणि ही कोण? धाकटी? अरे वा! पेंटर, काडी होती हो ही, काडी! आता शिडी वाकतेय.”

“काका, मला ऐकू येतंय.”

“ऐकू यावं म्हणूनच बोलतोय. पूस, नीट पूस. खरं तर तिथे मालकांच्या आईचं नाव यायचं होतं.”

“चला, चहा घेऊ,” बाबा घाईने म्हणाले.

“घेऊ की. का हो, पोरीला सांगितलं नाहीत की काय अजून?”

बाबांनी त्याला डोळ्यांनी दटावलं. कंडक्टरच्या पोटात गोष्ट राहणं कठीणच. तो काठीवर दोन्ही हात ठेवून उभा राहिला.

“गाडी सगळी रंगवून झाली होती. तुझे बाबा कपाळ शेवटी घ्यायचे, ही त्यांची रीत. त्या दिवशी दवाखान्यातून आले ते गाडीसमोर बसले, आणि बसलेच. ब्रशवर रंग वाळून चालला. मालक म्हणाले, लिही की रे. तेव्हा बोलले. म्हणाले, पोर मुदतीआधी झालंय, काचेच्या पेटीत ठेवलंय, डॉक्टर म्हणतात आशा धरू नका. अजून नावही ठेवलं नाही. तशीच जाईल, म्हणाले, कुणी हाक न मारता.”

धाकटीचा हात शेवटच्या अक्षरावर थांबला.

“मालक तोंडाचा फाटका, पण मनाचा राजा. म्हणाले, तुझ्या पोरीचं लिही. माझी आई भरपूर जगली, सगळ्यांशी भांडून झालं, मग गेली. तिला कशाला हवी गाडी? ही रोज जाईल, रोज येईल, लोक रोज विचारतील, आली का म्हणून. पोरगी चार माणसांच्या तोंडी राहील. मग तुझे बाबा उठले. मी इथे, असा बाजूलाच उभा. लिहून झाल्यावर म्हटलं, पेंटर, सगळ्या जगाला विचारता, आता तुम्ही सांगा, हे कोणावरून? तर म्हणाले, कोणावरून नाही. हे तिचं एकटीचं.”

“मग लोक...” धाकटी शिडीवरूनच म्हणाली.

“तू घरी आलीस तोवर गाडी गल्लोगल्ली माहीत झाली होती. लोकांना वाटलं, पेंटरने पोरीला गाडीचं नाव दिलं. आम्ही कशाला खोडतोय?”

धाकटी खाली उतरली. बाबांसमोर जाऊन उभी राहिली.

“मला का नाही सांगितलंत?”

बाबांनी तिच्या हातातला बोळा घेतला आणि त्याला आपले हात पुसले. ते आणखीच काळे झाले.

“तुझी आई नको म्हणाली. म्हणाली, खरं कळलं तर जो तो पोरीकडे बघून चुकचुकेल. बिचारी, कशी वाचली म्हणून. त्यापेक्षा बसवरून ठेवलं म्हटलं की लोक हसतात. हसू देत. पोरीचं नाव घेताना लोकांनी हसावं.”

“आणि मी चिडायचे त्याचं काय?”

“चिडते म्हणजे अंगात रग आहे, असं म्हणायची ती.” बाबांनी बोळा शिडीच्या पायरीवर ठेवला. “तू चिडलीस की आम्हाला बरं वाटायचं गं.”

धाकटीला रडू कोसळलं. भंगारवाल्यादेखत, चांगली हुंदके देऊन रडली. कंडक्टर गडबडला.

“मी काही भलतंसलतं बोललो का?”

“नाही हो काका,” ती नाक पुसत म्हणाली. “अजून सांगा.”

त्याला तेवढंच हवं होतं. मग चहा झाला, चढणीचे किस्से झाले, आणि ती दोघं घरी परतली तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. संध्याकाळी नेहमीसारखा ताईचा फोन आला. ताई लांब राहायची, पण रोज फोन केल्याशिवाय तिला जेवण जात नसे.

“काय गं, उरकली का तुझ्या पूर्वजांची अंत्ययात्रा? दोन टिपं गाळलीस की नाही?”

“गाळली,” धाकटी म्हणाली. “आणि ती माझी पूर्वज नव्हती. माझ्यावरून ठेवलं होतं तिचं नाव.”

पलीकडे ताईने दार लोटून घेतल्याचा आवाज आला.

“कोणी सांगितलं तुला?” ताईचा आवाज एकदम बारीक झाला होता.

“म्हणजे? तुला ठाऊक होतं?”

“मला कळत होतं गं तेव्हा. तुला घरी आणलं, तर मी तुझ्या पाळण्याकडे फिरकायचेच नाही. म्हटलं, जीव लावायचा आणि मग ही जायची. आईच्या लक्षात आलं. मला जवळ घेऊन म्हणाली, अशी घाबरू नकोस, तिला चिडव. मोठ्या बहिणी धाकटीला चिडवतात तशी. जाणाऱ्या पोराला कुणी चिडवत नाही.”

“मग?”

“मग काय, लागली सवय.” ताईने नाक ओढलं. “चुकलंच माझं. तुला इतकं लागत असेल असं वाटलं नाही. आता नाही हो चिडवणार.”

“असं कसं?” धाकटी म्हणाली. तिने फोन दोन्ही हातांनी धरला. “ताई, चिडव ना गं.”