भिमाआप्पांची हाक

खुटबावच्या भिमाआप्पांना कुणी विचारलं, "पोरगी काय करती?" की ते न अडखळता सांगायचे, "रांजणगावला कंपनीत हाय." हे धादांत खोटं होतं. पण खरं सांगायचं तर ते आधी स्वतःला कळायला हवं. धनश्री चौदा वर्षं परफॉर्मन्स आर्टिस्ट होती. म्हणजे असं, की परदेशात एका हॉलमध्ये ती सात तास न बोलता लोकर विंचरत बसली, त्याचा व्हिडिओ झाला आणि लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. आप्पांनी एवढंच विचारलं, "मंग त्या लोकरीचं काय क्येलं?" लोकर तिथंच राहिली होती. ते आप्पांच्या जिवाला फार लागलं.

चार वर्षांपूर्वी गुडघ्यांनी दगा दिला, तेव्हा त्यांनी आपली मेंढरं पाबळच्या म्हाळूला विकून टाकली. यंदा धनश्री कॅमेरा घेऊन आली आणि म्हणाली, "आप्पा, मोकळ्या रानात उभं राहून मेंढरांना हाक मारा."

"मेंढरंच न्हाईत, तर हाक कुणाला?"

"तेच तर दाखवायचंय."

आप्पा तयार होईनात. हाक मारली की ओंजळभर मका द्यायचा, हा त्यांचा जन्माचा नेम. फुकट हाक मारणारा माणूस मेंढरांच्या मनातून उतरतो. पण पोरीच्या हट्टापुढं त्यांचं काही चाललं नाही. त्यांनी जीभ टाळूला लावून टर्रर्र केलं आणि लांबलचक "याऽऽऽ" सोडली. रान रिकामंच राहिलं. आप्पांना मेल्याहून मेल्यासारखं झालं.

गावानं तिचं काम कधी पाहिलं नव्हतं. आप्पांच्या हाकेचा व्हिडिओ तिनं तिन्हीसांजेला शाळेच्या मैदानात पडदा बांधून लावला, स्पीकर लग्नातल्या मांडववाल्याचे. आप्पा सगळ्यांत मागं बसले, लोक हसायला लागले की सटकता यावं म्हणून. पडद्यावर पाच मिनिटं ते नुसतेच उभे होते. जांभया सुरू झाल्या, कुणीतरी खुसखुसलं. मग हाक आली.

शाळेमागच्या ज्वारी निघालेल्या रानात म्हाळूचा कळप दुपारीच उतरला होता, हे बापलेकीला ठाऊक नव्हतं. पुढं आल्या त्या म्हाताऱ्या मेंढ्या, कानावर अजून आप्पांची खूण असलेल्या. त्यांच्यामागं सगळा कळप. खुर्च्या आडव्या झाल्या, बायका पदर सावरत उठल्या. मेंढ्या थेट पडद्यापाशी गेल्या आणि माना वर करून थांबल्या. पडद्यावरचे आप्पा परत हाक मारत होते आणि त्यांचे हात रिकामे होते.

आप्पांचे डोळे भरून आले. शाळेसमोरच्या दुकानातून ते मक्याचं पोतं ओढू लागले. धनश्रीनं धावत येऊन दुसरं टोक धरलं. आप्पांनी पोत्याचं तोंड सोडलं.

"हाक तू लावलीस," ते म्हणाले. "पयली ओंजळ तू दे."

तिनं दिली. तेवढ्यात म्हाळू धापा टाकत आला.

"मामा, ही तुमची पोरगी? कंपनीत हाय म्हणला व्हता न्हवं?"

"न्हाई रं," आप्पा म्हणाले. "ती ह्येच करती."