वीस हजारांची मासळी

नागभीडच्या बाजारात कुणालाही विचारा, लियाकत जाळेवाला कसा माणूस आहे. माल चांगला, तोंड वाईट, असंच सांगतील. एकतीस वर्षं झाली, मी मासे धरायची जाळी विकतो. नायलॉनचा दोरा, शिशाच्या गोळ्या, फेकायचं जाळं, लावायचं जाळं, सगळं मिळतं. स्वतः कधी तलावात पाय बुडवला नाही, पण कुठल्या तलावात किती बोटांच्या भोकाचं जाळं चालतं ते मला झोपेतून उठवून विचारा.

माझ्या दुकानाच्या पत्र्याखाली गोकुळा मासळी घेऊन बसते. बारा वर्षं झाली. तिचा नवरा इस्तारी पहाटे गावच्या तलावात जाळं टाकतो, ती टोपली घेऊन आठच्या गाडीनं इथे येते. पायरीवर खवले सांडले की मी ओरडतो. ती हसते आणि शुक्रवारी माझ्या बायकोसाठी, नूरीसाठी, वाटीभर झिंगे देऊन जाते. भाडं मी कधी मागितलं नाही, तिनंही कधी विचारलं नाही.

हल्ली गिऱ्हाईक खिशात पैसे ठेवत नाही. गोकुळाकडे साधा फोन, तोही घरी इस्तारीजवळ. म्हणून ती गिऱ्हाइकाला सांगायची, "भाऊच्या स्कॅनरवर टाका." माझ्या गल्ल्याशेजारचा डबा ओरडायचा, दो सौ चालीस रुपये प्राप्त हुए, आणि संध्याकाळी मी तिला तेवढे रोख मोजून द्यायचो. शेजारची धुरपता म्हणायची, गोकुळाबाईनं तर लियाकतभाऊकडे बँकच उघडली. मी कुरकुर करायचो, पण खरं सांगतो, मला ते आवडायचं. कुणीतरी आपल्यावर इतका बिनघोर भरवसा ठेवतं याची सवय लागते.

त्या वर्षी हजच्या सोडतीत माझं आणि नूरीचं नाव निघालं होतं. दोन हप्ते भरून झाले होते. शेवटच्या हप्त्याचे दोन लाख चाळीस हजार माझ्या त्याच खात्यात होते, कारण मला दुसरं खातंच नाही. पंधरा फेब्रुवारीपर्यंत भरायचे होते. नूरीचे गुडघे दुखतात, म्हणून ती रोज सकाळी रेल्वे फाटकापर्यंत चालत जाऊन यायची, तिथे चालावं लागेल म्हणून सराव. चाळीस वर्षांत तिनं माझ्याकडे एवढी एकच गोष्ट मागितली होती.

जानेवारीच्या एका बाजाराच्या दिवशी दुकानासमोर गाडी थांबली. उतरलेला माणूस नीटनेटका, बोलायला गोड. त्यानं गोकुळाकडून सोळाशेची मरळ घेतली. मग माझ्याकडे वळला. एटीएममध्ये पैसे नाहीत, म्हणाला. ते खरं होतं, दोन दिवसांपासून मशीन रिकामं होतं. "मैं बीस हजार डाल देता हूँ. मछली के काट लो, दो सौ आप रख लो, बाकी नगद दे दो." दोनशे रुपये. मी गल्ला उघडला, अठरा हजार दोनशे मोजले आणि त्याच्या हातात दिले. गोकुळा खाली मान घालून मासे कापत होती. ती एक शब्दही बोलली नव्हती. हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढे मी काय लिहून दिलं ते तुम्हाला कळायला हवं.

नवव्या दिवशी नागपूरच्या व्यापाऱ्याला जाळ्यांचे पैसे पाठवायला गेलो तर पैसे जाईनात. तीनदा केलं, तीनदा तेच. मजा अशी की येणारे पैसे येत होते. डबा दिवसभर ओरडत होता, अस्सी रुपये प्राप्त हुए, तीन सौ रुपये प्राप्त हुए, आणि त्यातला एक रुपया मला काढता येत नव्हता. अ‍ॅपच्या नंबरवर फोन केला. एक बाई फार अदबीनं एकच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणाली, तुमच्या बँकेशी संपर्क साधा. मी तिला नको ते बोललो. तिनं मला शुभेच्छा दिल्या.

बँकेतल्या साहेबानं समजावलं. दूरच्या राज्यातल्या एका म्हाताऱ्या मास्तरला फोनवरून धमकावून कुणीतरी नऊ लाख काढून घेतले होते. ते पैसे तुकडे होऊन वीस-बावीस खात्यांतून फिरले. मास्तरनं तक्रार केल्यावर तिथल्या पोलिसांनी त्या पैशांचा माग काढला आणि ज्या ज्या खात्याला ते शिवले ते ते खातं बंद करायला लावलं. माझ्याकडचे वीस हजार त्यातलेच. "पण माझे दोन लाख चाळीस तर माझेच आहेत," मी म्हणालो. "एक मासा नासला म्हणून तुम्ही आख्खी टोपली झाकली." साहेब म्हणाला, "आमच्या हातात काही नाही. तिथून पत्र आलं की उघडू." त्यानं तक्रारीचा नंबर आणि त्या ठाण्याचा ईमेल एका चिठ्ठीवर लिहून दिला. तेवढंच.

चंद्रपूरला सायबर पोलिसांकडे गेलो. त्यांनी चहा पाजला आणि सांगितलं की गुन्हा आमच्याकडचा नाही, तिथेच लिहा. तिथल्या ठाण्याचा फोन कुणी उचलेना. उचलला तर साहेब बंदोबस्तात. पंधरा दिवस असेच गेले. भाऊ मुबीननं तीस हजार देऊ केले, पण नूरी नाही म्हणाली. कर्ज काढून हज करायची नाही, एवढं तिचं पक्कं होतं. सकाळचं चालणं मात्र तिनं सोडलं नाही. ती फाटकाकडे निघाली की मला तिच्याकडे बघवायचं नाही.

माझा भाचा जाहिद बसस्टँडजवळ ऑनलाइन फॉर्म भरायचं सेंटर चालवतो. चाळिशीचा, दोन मुलांचा बाप, कागदाच्या कामात वाघ. मी त्याला घडलं तसं सांगितलं, त्यानं टाइप केलं, मग हात थांबवला.

"मामू, हे पाठवलं तर खातं नाई उघडत, तुम्हीच अंदर जाता. अनजान माणसाले नगदी काढून दिली, वरतून कमिशन घेतलं. चोराचे साथीदार हेच काम करते."

"मंग काय लिहू?"

"माल विकला असं दाखवा. बिल पाह्यजे."

"जाळं वीस हजाराचं कोण घेते?"

जाहिदनं टाइप केलेलं पुसलं. "मासळी तर विकली गेली ना त्या दिवशी," तो म्हणाला. "मासळी काही तुमची नाई. पैशे गोकुळाबाईच्या मासळीचे आले, तुम्ही तिले नगदी दिले. रोजच देता. सारा बाजार गवाही देईन."

"वीस हजाराची मासळी?"

"लग्नाची ऑर्डर होती म्हणा."

मी उठून गेलो. जाहिदला शिव्या घातल्या, त्याच्या आईलाही, म्हणजे माझ्या सख्ख्या बहिणीलाही सोडलं नाही. हप्त्याची मुदत दहा दिवसांनी वाढल्याचा मेसेज आला त्या दिवशी मी परत त्याच्या दुकानात गेलो. रागात निघून गेलेला माणूस परत येतो तेव्हा तो आधीच ठरवून आलेला असतो. जाहिदनं कागद छापून ठेवला होता.

गोकुळा मासे साफ करत होती. मी शाईचा पॅड आणि कागद घेऊन तिच्यापुढे उकिडवा बसलो.

"कायचा आहे भाऊ?"

"खातं बंद पडलं ना माझं. ते उघडाले लागते. तुह्या मासळीचे पैशे माझ्या स्कॅनरवर येते, असं लिवलं आहे."

"येतेच ना बापा," ती म्हणाली. हात लुगड्याला पुसला आणि अंगठा पुढे केला. ठसा उमटला तेव्हा त्यात एक खवला चिकटला होता. मी तो नखानं काढला. तिथे ठशात पांढरा डाग राहिला. कागदावर वीस हजार रुपये रोख मिळाल्याचं लिहिलं होतं. तिनं विचारलं असतं तर मी सांगितलं असतं, असं मी नंतर कितीतरी दिवस स्वतःला सांगत होतो.

आठव्या दिवशी खातं उघडलं. वीस हजार अडकवून ठेवले, बाकी मोकळे केले. मुदत संपायला दोन दिवस असताना मी हप्ता भरला. पावती बघून नूरी रडली, मग शेजाऱ्यांना शिरा वाटला. मला वाटलं होतं, हलकं वाटेल. मी दुकानात जाऊन एका गिऱ्हाइकावर उगाच खेकसलो.

हजला जाण्याआधी आमच्यात सगळ्यांच्या दारी जाऊन म्हणायची रीत आहे, कहा-सुना माफ करना. नूरी म्हणते, अल्लाहचं देणं अल्लाह माफ करील, पण माणसाचं देणं त्या माणसालाच माफ करावं लागतं. माझ्यासारख्या तोंडाच्या माणसाला ही यादी लांबच. एप्रिलभर मी फिरलो. मोहल्ला झाला, बाजार झाला, बँकेतला साहेब झाला, जाहिद आणि त्याची आई झाली, धुरपतासुद्धा झाली. सगळे माझं वाक्य पुरं होण्याआधीच म्हणायचे, माफ केलं. गोकुळा राहिली. ती तर रोज समोरच असते, कधीही म्हणता येईल, असं मी मनाशी धरलं होतं.

मेच्या पहिल्या आठवड्यात ती टोपली न घेता आली. दुपार होती, दुकानात कुणी नव्हतं. तिनं पदरातून चार घड्या घातलेला कागद काढला.

"गावात पोलीस येऊन देऊन गेला. आमच्या घरचे कालपासून जेवले नाई. वाचून सांगा भाऊ, काय लिवलं आहे."

कागद हिंदीत होता. मी वाचला. एकवीस मेला सकाळी दहा वाजता त्या दूरच्या ठाण्यात हजर राहायचं. वीस हजार रुपये कुणाकडून आले, पुढे कुणाला दिले, तो माणूस कोण, हे सांगायचं. हजर न राहिल्यास अटक होऊ शकते. मी तेवढं तिला सांगितलं. मागच्या पानावर माझ्या अर्जाची झेरॉक्स होती. मी पान उलटलं नाही, पण तिनं उलटलं.

वाचता न येणारा माणूस कागद वेगळा बघतो. तिनं खाली बोट ठेवलं.

"हा माझा अंगठा होय."

"होय."

"इथी पांढरा डाग आहे. खवला होता, तुम्हीच काढला होता."

"होय."

"किती लिवलं आहे?"

"वीस हजार."

ती पायरीवर बसली.

"मले तर सोळाशे भेटले होते भाऊ."

"होय."

"खातं उघडलं ना तुमचं?"

"उघडलं."

तिनं मान हलवली, भाव पटल्यावर हलवते तशी. ओरडली असती, मला चोर म्हणाली असती, तर मला काहीतरी बोलता आलं असतं. एकतीस वर्षं मी फक्त भांडत आलोय, भांडण असलं की मला मार्ग दिसतो.

"कुठी आहे हे गाव?"

"दूर. दोन गाड्या बदलाव्या लागते." मग मी म्हणालो, "मी येतो संगं. सारं खरं सांगतो तिथी."

"तुमचं विमान कवा आहे?"

"अठराले. नागपूरवरून."

हिशेब तिला माझ्यापेक्षा लवकर येतो. अठराला विमान, एकवीसला तारीख. मी विमान सोडू शकत होतो. तिच्यासमोर बसून मला ते अगदी स्पष्ट कळलं होतं. घरी नूरी बॅगांवर आमच्या नावाच्या पट्ट्या शिवत होती, तेही मला दिसत होतं. मी तोंड उघडलं नाही.

"तुम्ही घरोघरी जाऊन माफी मांगून राह्यले म्हणते," गोकुळा म्हणाली. "धुरपता सांगत होती, तिच्या घरीबी गेले. मी वाट पाहून राह्यली होती. म्हटलं, मी तर रोजच इथी बसतो, मले कवा म्हणते भाऊ."

मी उठलो, तिच्यासमोर खाली बसलो आणि हात जोडले.

"कहा-सुना माफ कर, गोकुळाबाई."

तिनं कागदाच्या परत चार घड्या घातल्या, पहिल्या होत्या त्याच घड्यांवर, आणि पदराच्या गाठीत बांधला. उठली, लुगड्याची धूळ झटकली. सगळ्यांसारखी तीही म्हणेल याची मी वाट बघत होतो.

"तिथून वापस आली का मंग सांगीन," ती म्हणाली आणि तीनची गाडी धरायला निघाली.