निम्मी चूक

“शेवटचं कोकरू पल्याड गेल्याबिगर काठी खाली घ्यायची न्हाय. गाडीवाला शिव्या देईल, देऊ दे.”

लग्नानंतर पहिल्यांदाच मेंढरांमागं निघालेल्या नागूबाईला नवऱ्यानं, बलभीमनं हे शिकवलं होतं, उमरग्याच्या अलीकडे, हैदराबाद रस्त्यावर. एकानं मेंढरं पुढे काढायची, दुसऱ्यानं काठी आडवी धरून रस्त्याच्या मधोमध उभं राहायचं. उभा राहायचा तो नेहमी बलभीमच.

तसाच उभा असताना एका ट्रकनं त्याला उडवलं. तेव्हा लेक हर्षाली झोळीत होती. आता ती बारावीला आहे.

भरपाईचा दावा लावला, आणि मागं लागल्या तारखा. कधी साहेबांची बदली झाली, कधी नवे साहेब आलेच नाहीत. कधी विमा कंपनीचे वकील गैरहजर. ड्रायव्हरला म्हणे समन्सच पोचत नव्हतं. तो मात्र रोज त्याच रस्त्यानं ट्रक हाकत होता, ढाब्यावर चहा पीत होता. नागूबाई मेंढरं दिरावर सोपवून सासूला हाताला धरून कोर्टात यायची, हजर म्हणायची, पुढची तारीख ऐकून परतायची. बलभीमची आई, धुरपदाबाई, बाकड्यावर बसल्याबसल्या गुणगुणायची,

कोरटाच्या दारी, लिंब मोहरून गेला
माझ्या गं लेकराचा, न्याव वाटंला ऱ्हाईला

तोवर शिपाई येऊन तिला गप्प करायचा. त्या दाव्यात आजवर कुणी तातडीनं काही केलं असेल, तर ते एवढंच.

आज मात्र सगळे धावत होते. अपघाताची जुनी प्रकरणं पडून का, म्हणून हायकोर्टानं खडसावलं होतं. त्यांच्याच वकिलानं, कृष्णराजनं, नागूबाईला व्हरांड्यातच गाठलं.

“मावशी, वरून दट्ट्या आलाय. तडजोड करा, आजच मोकळ्या व्हाल. एवढंच कबूल करायचं, की रस्त्याच्या मधोमध उभे होते, म्हणून निम्मी चूक त्यांची.”

“आन् न्हाय म्हनलं तर?”

“तर साक्ष लागणार. बघणारं माणूस कुठंय आपल्याकडं?”

“वकीलसायेब,” धुरपदाबाई बसल्या जागेवरनं म्हणाली, “इतकी वरसं निजला व्हता. आता मालकानं हाक मारली, तर आमच्याच अंगावर पाय देऊन पळाया लागला व्हय?”

कृष्णराज हसला आणि फायलीत बघू लागला.

अंगठा टेकवला, तर हर्षालीच्या नर्सिंगची सोय होणार होती. नागूबाईला ते ठाऊक होतं. आणि बघणारं माणूस होतं, हेही तिला एकटीलाच ठाऊक होतं. ती स्वतःच. पोलिसांना तिनं सांगितलं होतं, मी पालावर होते. कारण तिथं होते म्हटलं, की सासूनं विचारलं असतं, कसा गेला गं माझा लेक? म्हातारीला तिनं सांगितलं, जागीच गेले म्हणतात, कळलंसुद्धा नाही. त्या एका वाक्याच्या आधारानं धुरपदाबाई उठली, जेवली, नातीला तिनं वाढवलं.

पुकारा झाला. नव्या न्यायाधीश बाईंनी तडजोडीचा कागद वाचून दाखवला आणि निम्मी चूक मान्य आहे का, असं विचारलं. कारकुनानं शाईचं पॅड पुढे सरकवलं. नागूबाईनं अंगठा मुठीत झाकून घेतला.

“न्हाय मान्य. त्येंची चूक न्हवती. म्या तिथंच व्हते.”

कृष्णराज गडबडीनं उठला. बाईंनी त्याला हातानंच बसवलं आणि विचारलं, की हे इतकी वर्षं का नाही सांगितलंत?

“इचारलं कुणी, बाईसायेब? निसतं हजर का म्हनून इचारत व्हते.”

नागूबाई न्यायाधीशांकडे पाठ करून, मागं सासू बसली होती त्या बाकड्याकडे वळली. तसं करायचं नसतं, हे शिपायानं तिला सांगितलं. तिनं ऐकलं नाही.

“आत्याबाय, समद्या गाड्या थांबल्या व्हत्या. त्यो एकलाच उलट्या अंगानं घुसला. खाली उतरून बघितलं त्यानं, आन् निघून गेला.”

धुरपदाबाईनं पदर तोंडाशी नेला. नागूबाई थांबली. मग हलक्या आवाजात म्हणाली,

“ते जागीच गेले न्हाईत. माझ्या मांडीवर व्हते. लई येळ जित्ते व्हते.”