विहिरीशेजारचं घर

माँट्रियलमध्ये आमच्या गावची बारा माणसं उरली होती आणि बाराही एकमेकांवर कायम चिडलेली. तरी गावाच्या आठवणींचं पुस्तक काढायचं ठरलं. गाव पोलंडमधलं. जर्मनांनी एका सकाळी आम्हा सगळ्या ज्यूंना चौकात उभं केलं आणि नेलं, त्यानंतर तिथे आमचं कुणी नाही. पुस्तकात नकाशा हवा, प्रत्येक घरावर तिथल्या माणसांची नावं हवीत, हा हट्ट माझा.

नकाशा कोपेलने काढला. तो कोटांच्या कारखान्यात कटिंग मास्तर, त्यामुळे कापड बेतायच्या कागदावरच काढला. रविवारी दुपारी त्याच्या स्वयंपाकघरात चहा पीत आम्ही भांडायचो.

"विहीर डावीकडे होती रे, गाढवा!"

"तू कधी गेली होतीस विहिरीवर? तुमच्याकडे तर पाणक्या यायचा."

अशी एकशे चौदा घरं भरली. विहिरीशेजारचं तेवढं राहिलं.

त्या घरातली मुलगी शाळेत चार वर्षं माझ्या बाकावर बसली. तिच्या मानेवरचा तीळ मला आजही दिसतो. त्या सकाळी चौकात ती कुजबुजली, "तू पळ. मी तुझ्या जागेवर सरकते." रांगेत फट दिसू नये म्हणून ती सरकली आणि मी पळाले. तिचं नाव मला आठवत नाही. आडनावही नाही. जो विसरेल त्याच्यावर तोंड सोडणारी बाई मी, आणि माझीच ही गत! लाजेने मेल्यासारखं होतं.

हैफातल्या गाववाल्यांना लिहिलं, ब्युनोस आयर्समधल्या गाववाल्यांना लिहिलं. कुणालाच ठाऊक नव्हतं.

"मोकळं सोड ते घर," कोपेल म्हणाला. "छापखानावाला खोळंबलाय."

"मोकळ्या घराकडे कोण बघतंय? खोटं नाव घालू. आपली माणसं तुला माहीत नाहीत का? दुसऱ्याची चूक दिसली की त्यांना अन्न गोड लागत नाही. ज्याला ठाऊक असेल तो शिव्या घालत खरं नाव कळवेल."

"आणि नाही कळवलं तर, फ्रुमा?"

"कळवतील. तू गप्प बस."

मीच लिहिलं: झिल्बरफाइन कुटुंब, मुलगी पेर्ला.

पुस्तक छापून जगभरच्या गाववाल्यांकडे गेलं आणि पत्रांचा मारा सुरू झाला. आमच्या बकऱ्यांचा गोठा कुठे गेला? प्रार्थनामंदिराला पायऱ्या तीन नव्हत्या, चार होत्या! प्रत्येक पत्रात मी आधी 'विहीर' हा शब्द शोधायचे. त्या घराबद्दल कुणी चकार शब्द काढला नाही.

वर्षभराने मेलबर्नहून एका बाईंचं पत्र आलं. "नकाशा म्हणजे नुसता गोंधळ आहे. पण विहिरीशेजारचे झिल्बरफाइन अगदी बरोबर. पेर्ला मला चांगली आठवते. किती गोड पोर होती!"

परवा गावाचा स्मृतिदिन झाला. त्यात मृतांची नावं कोपेल वाचतो. ते नाव वाचू नकोस, असं मी कोपेलला हात जोडून सांगितलं होतं.

"आता लोक तिला ओळखतात गं," तो म्हणाला. "गाळलं तर विचारतील. काय सांगू?"

मग तो यादी घेऊन उभा राहिला. त्याने "पेर्ला झिल्बरफाइन" म्हटलं तेव्हा मागच्या रांगेत कुणीतरी हुंदका दिला. मग मृतांसाठीची प्रार्थना झाली, आणि सगळ्यांबरोबर मीही आमेन म्हणाले.