टाचणी सव्वाआठ इंच मागे

मित्रांनो, मी एक जुनी टेप आहे. गाणी वाजवणारी नव्हे, शिंप्याच्या गळ्यात लोंबते ती. साठ इंच लांब, एकेकाळी पिवळीधमक, दोन्ही टोकांना पितळी पट्टी. आता रंग विटला आहे आणि दोन्ही कडांना टाचण्यांची भोकंच भोकं आहेत. अशा टेपेला कुणी घरात ठेवत नाही. माझी मात्र इथे राणीसारखी बडदास्त आहे. ती कशी, तेच आज तुम्हाला सांगणार आहे.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. तिथल्या एक बाई प्रत्येक टेप पोलादी पट्टीशी जोडून बघत. केसाइतका फरक निघाला तरी ती टेप टोपलीत जाई. माझ्या शेजारच्या दोघी टोपलीत गेल्या आणि मी पास झाले. तेव्हापासून मला ‘अंदाज’ या शब्दाचा राग आहे. कुणी ‘साधारण इतकं धरा’ म्हटलं की माझ्या अंगाचा तिळपापड होतो.

मला विकत घेतलं ते मास्तरांनी. मास्तर म्हणजे शाळेतले नव्हेत, शिवणकाम करणारे. अकरा वर्षं मी त्यांच्या गळ्यात होते. किती खांदे, किती कंबरा मोजल्या त्याची गणतीच नाही. काही गिऱ्हाइकं माप देताना पोट आत ओढून उभी राहत. मास्तर मला कमरेभोवती धरून शांतपणे हवापाण्याच्या गप्पा मारत, आणि त्या बिचाऱ्यानं श्वास सोडला की हळूच आकडा बघत. शिवलेली पँट अंगाला बरोबर बसली की गिऱ्हाईक म्हणे, ‘मास्तर, तुमच्या हाताला तोड नाही.’ हाताचं कौतुक होई. टेपेचं कोण करतो? पण मला त्याचं वाईट वाटत नसे.

मग एक दिवस एका कोटाच्या बाह्या पाव इंच आखूड निघाल्या. मास्तरांनी मला लोखंडी पट्टीशेजारी ताणून ठेवलं. अकरा वर्षं ओढून ओढून मी पाव इंच सैल झाले होते. गळ्यात नवी टेप आली आणि माझी रवानगी मोडक्या बटणांच्या खणात झाली. पाव इंच खोटं बोलल्याची ती शिक्षा होती. मला ती मान्य होती, पण खणात फार एकटं वाटायचं.

दोन वर्षांनी खण उघडला. आम्ही सगळे नव्या घरात आलो होतो. पुढची खोली दुकानाची, मागे दोन खोल्या राहण्याच्या. खिडकी एवढी मोठी की मास्तरांच्या पत्नी दिवसभर नुसत्या तिच्याकडेच बघत होत्या. त्यांना सगळे वहिनी म्हणतात. काजं-बटणं, हातशिलाई आणि दुकानाची जबाबदारी त्यांच्याकडे. घरासाठी बँकेकडून वीस लाखांचं कर्ज घेतलं होतं. महिन्याला अठरा हजारांचा हप्ता, वीस वर्षं.

“वीस वर्षांचे हप्ते दोनशे चाळीस,” वहिनी मला हातात घेऊन म्हणाल्या. “आणि हिचे इंच साठ. एका इंचात चार पाव. अहो, आपलं कर्ज बरोब्बर एका टेपेएवढं आहे.”

मास्तर हसले. त्यांनी कटिंगच्या टेबलावरच्या भिंतीला लाकडी पट्टी ठोकली आणि मला तिच्यावर आडवं बसवलं. महिन्याचा हप्ता भरला की वहिनी माझ्या वरच्या कडेला लाल डोक्याची टाचणी पाव इंच पुढे सरकवत. वर्षाला तीन इंच. तीन इंच झाले की त्या दिवशी चहात साखर जास्त पडे.

टाचणी सरकली की मास्तरांचाही एक नेम होता. ते सुई उचलून दोरा ओवत आणि वहिनी मोजत. “एकात जमलं,” त्या म्हणत आणि दोघं कामाला लागत. हा पोरखेळ नव्हता. मास्तरांचे वडीलही शिंपीच होते. साठीनंतर त्यांना डोळ्यांनी दगा दिला, तरी हातावर पोट असल्यामुळे ते चाचपडत शिवत राहिले. मास्तरांनी ते जवळून पाहिलं होतं. कर्ज घेतलं तेव्हा ते त्रेचाळीस वर्षांचे होते. “मला साठीला सुई खाली ठेवायची आहे,” ते म्हणत. “माझ्या इच्छेनं. डोळ्यांनी हिसकावून घ्यायच्या आत.” कर्ज मात्र त्रेसष्टाव्या वर्षी संपणार होतं. शेवटच्या तीन वर्षांचं बघू काहीतरी, असं त्यांनी मनाशी ठरवलं होतं. मला हे ‘बघू काहीतरी’ अजिबात आवडलं नव्हतं, पण माझं ऐकतो कोण?

पाच वर्षं गेली. टाचणी पंधरा इंचांवर आली. मास्तरांना चष्मा लागला आणि सुई एकाऐवजी दोनात ओवली जाऊ लागली. त्याच सुमाराला बँकेचं पत्र आलं. उरलेलं कर्ज पुढच्या पंचवीस वर्षांवर पसरलं तर हप्ता पंधरा हजारांच्या आत येईल, असं त्यात होतं. मास्तरांच्या मनात शिलाईचं एक नवं मशीन होतं. महिन्याचे तीन हजार सुटले की ते घेता येणार होतं. त्यांनी अर्ज भरला, फक्त सही राहिली. “चौथा हिस्सा तर फिटलाच आहे,” ते म्हणाले. “उरलेला जरा दमानं फेडू.”

दुसऱ्या दिवशी कोट शिवायला एक बाई आल्या. बँकेच्या कर्जविभागात तीस वर्षं काढून नुकत्याच निवृत्त झाल्या होत्या. सवयीनं सगळे त्यांना अजून मॅडमच म्हणत. मास्तर त्यांच्या बाहीचं माप घेत होते आणि त्या दोन्ही हात पसरून माझ्याकडे बघत होत्या.

“ही टेप भिंतीवर कशाला?”

वहिनींनी मोठ्या हौसेनं सगळं सांगितलं. “साठातले पंधरा इंच झाले बघा. चौथा हिस्सा फिटला.”

मॅडमचे हात खाली आले.

“हात वर,” मास्तर म्हणाले.

त्यांनी हात वर केले. “चौथा हिस्सा फिटला हे तुम्हाला कुणी सांगितलं?”

“सांगायचं काय त्यात?” मास्तर म्हणाले. “चार मीटर कापडातलं एक मीटर कापलं की चौथा हिस्सा गेला.”

“बँकेचा वर्षाचा कागद येतो ना? तो आणा बरं.”

कागद होता, पण मास्तरांना कोरा कागद दिसला की त्यावर मापं लिहायची सवय. बँकेच्या कागदाची मागची बाजू कोरी असे, म्हणून पाचही वर्षांच्या कागदांवर गिऱ्हाइकांच्या कंबरा उतरल्या होत्या. पुढची बाजू कुणी वाचलीच नव्हती. वहिनींनी कंबर अडतीस, उंची एकेचाळीस असं लिहिलेला कागद उलटा केला. उरलेलं कर्ज : सतरा लाख चौऱ्याहत्तर हजार.

“चुकलंय काहीतरी,” वहिनी म्हणाल्या. “आम्ही एकही हप्ता चुकवला नाही. दहा लाख ऐंशी हजार भरलेत.”

“भरलेत. आणि बँकेचंही चुकलेलं नाही.” मॅडमनी टेबलावरचं कातरण उचललं आणि मास्तरांकडून अठरा इंचांची पट्टी कापून घेतली. “हा तुमचा पहिला हप्ता. अठरा हजार. आता यातले पंधरा इंच कापा.”

मास्तरांनी कापले.

“हे व्याज. वीस लाखांचं एका महिन्याचं. आणि हे हातात उरलं ते तुमच्या घराचं.”

हातात तीन इंचांची चिंधी उरली होती.

मित्रांनो, त्यांनी जे समजावलं ते तुम्हीही नीट ऐका. व्याज लागतं ते उरलेल्या कर्जावर. सुरुवातीला जवळजवळ सगळंच कर्ज उरलेलं असतं, म्हणून हप्त्याचा मोठा लचका व्याजच तोडतं. मुद्दल, म्हणजे मुळात घेतलेली रक्कम, मुंगीच्या पावलानं कमी होते. ती जसजशी घटते तसं व्याज घटतं आणि घराच्या वाट्याला जास्त येतं. मुदत लांबवली की हप्ता लहान दिसतो, पण व्याजाला पंगतीला बसायला आणखी वर्षं मिळतात.

“वीस लाखांचे एकूण त्रेचाळीस लाख वीस हजार होतात,” मॅडम म्हणाल्या.

“म्हणजे घर एक आणि पैसे दोन घरांचे?” वहिनी म्हणाल्या. “वर तीन लाख टीप?”

मॅडम हसल्या. “कर्ज वाईट नाही हो. नाहीतर जन्मभर भाडंच भरलं असतं, आणि ही खिडकी दुसऱ्याची राहिली असती. पण माप खरं हवं.” त्यांनी एक निळी टाचणी मागितली आणि माझ्या खालच्या कडेला टोचली. पावणेसात इंचांवर. लाल टाचणी पंधरावर. खरी टाचणी सव्वाआठ इंच मागे होती.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पाव इंच खोटं बोलले म्हणून मी खणात गेले होते, आणि इथे पाच वर्षं राजरोस सव्वाआठ इंच खोटं बोलत होते. वहिनी माझ्याकडे न बघता आत गेल्या. दर महिन्याला किती आनंदानं टाचणी सरकवली होती त्यांनी. त्यांचे डोळे भरून आले होते ते मी पाहिलं.

मास्तरांनी ती चिंधी टेबलावर ठेवली. “आणि हा अर्ज?” त्यांनी सही राहिलेला कागद पुढे केला.

“एकशे ऐंशी हप्ते उरलेत त्याचे तीनशे होतील. महिन्याला तीन हजार वाचतील आणि शेवटपर्यंत बारा लाख जास्त जातील. तुमचं वय?”

“अठ्ठेचाळीस.”

“त्र्याहत्तराव्या वर्षी फिटेल.”

मास्तरांनी चष्मा काढून पुसला. मग विचारलं, “आणि तीन हजार कमी करण्याऐवजी जास्त भरले तर?”

मॅडमनी आकडे मांडले. “पावणेचार वर्षं आधी सुटाल. चार लाख वाचतील. फक्त बँकेला लेखी कळवा, जास्तीचे पैसे मुदलात घ्या आणि हप्ता कमी न करता मुदत कमी करा.”

“म्हणजे एकोणसाठाव्या वर्षी,” आतून आवाज आला. वहिनी दारात उभ्या होत्या. “साठीच्या आत.”

सही राहिलेल्या अर्जाचं त्याच संध्याकाळी काय झालं सांगू? मास्तरांनी त्यावर मॅडमच्या कोटाच्या कॉलरचा आकार काढून कापला. कागद जाड होता, कॉलर झकास बसली.

नव्या मशीनचा बेत लांबला. वहिनींनी दारावर पाटी लावली, ‘जुने कपडे उसवून बेतून मिळतील.’ आखूड झालेल्या पँटी, बिघडलेल्या चेन, लग्नात घट्ट बसलेले आणि वर्षभरात घट्टच राहिलेले कोट, सगळे येऊ लागले. त्या कामाचे पैसे वेगळ्या डब्यात जात आणि महिन्याला तीन हजार मुदलात. कधी डबा भरायचा नाही, मग चहात साखर कमी पडे. पण माझ्या अंगावर आता शर्यत लागली होती. लाल टाचणी आपली पाव-पाव इंच चाले. निळी आधी रखडत येई, मग तिची पावलं मोठी होत गेली. शेजारपाजारचे लोक कपडे टाकायला आले की आधी विचारत, “निळी कुठवर आली?” आयुष्यात पहिल्यांदा गिऱ्हाइकं माझ्याकडे बघत होती, आणि मी नव्या नवरीसारखी लाजत होते.

व्याजाचा दर मधे थोडा चढला, थोडा उतरला, आणि हिशेब पुन्हा जागेवर आला. आठ वर्षांनी, एकोणचाळिसाव्या इंचावर, दोन्ही टाचण्या समोरासमोर आल्या. मॅडम तोच कोट घालून मुद्दाम बघायला आल्या होत्या. पुढच्या महिन्यात निळी पुढे निघून गेली. मास्तर म्हणाले, “आता ही काही थांबत नाही.”

आणि खरंच थांबली नाही. लाल टाचणी पावणेएकोणपन्नास इंचांवर असताना निळी माझ्या पितळी टोकाला टेकली. मास्तर एकोणसाठ वर्षांचे होते. बँकेतून घराचे कागद आणून वहिनींनी कटिंगच्या टेबलावर ठेवले. त्यांच्या मागच्या बाजूला मास्तरांनी काही लिहू नये म्हणून वर कात्री ठेवली.

नेमाप्रमाणे मास्तरांनी सुई उचलली. पहिल्यांदा दोरा हुकला. दुसऱ्यांदा हुकला. तिसऱ्यांदाही हुकला. चौथ्यांदा दोरा आरपार गेला.

“चारात,” मास्तर हळूच म्हणाले.

“आता दहा लागले तरी काय बिघडलं?” वहिनी म्हणाल्या. “कोण थांबलंय आपल्यासाठी?”

मास्तरांनी सुई टाचण्यांच्या छोट्या गादीत खोचली, आणि दोघं इतके हसले की वहिनींना पदरानं डोळे टिपावे लागले.

मग त्यांनी मला भिंतीवरून काढून पुन्हा गळ्यात घातलं. खिडकीत बसायला बाक करायचा होता. खिडकी सुतारानं आपल्या पट्टीनं मोजली, पण फळीवरचं माप माझ्याचकडून घ्यायचं असा वहिनींचा हट्ट. मी पाव इंच सैल आहे हे आनंदात दोघंही विसरले. बाक खिडकीत शिरेना. सुतारानं रंधा मारता मारता विचारलं, “मास्तर, माप कुणी घेतलं हो?” मास्तरांनी निमूटपणे माझ्याकडे बोट दाखवलं.

आता दुपारी मास्तर त्या बाकावर उन्हात पाय पसरून बसतात. मनात आलं तर शिवतात, नाहीतर नाही. मी पुन्हा भिंतीवर आहे. माझ्या वरच्या कडेचे शेवटचे सव्वाअकरा इंच अगदी कोरे आहेत, एकही भोक नाही. माझ्या सगळ्या अंगात मला तोच भाग जास्त आवडतो.

मित्रांनो, तुम्हीही मोठे व्हाल, घर घ्याल, जरूर घ्या. खिडकी मोठी बघून घ्या. फक्त हप्ता किती एवढंच विचारून उठू नका. शेवटपर्यंत एकूण किती जाणार आणि आज खरंच किती उरलं, हेही विचारा. बँकेचा कागद आला की पुढची बाजू आधी वाचा. मापं लिहायला मागची बाजू आहेच. आणि घरात एखादी जुनी टेप असेल तर ती फेकू नका, पण बाकाचं माप मात्र तिच्याकडून घेऊ नका.