विल्फ ऑर्मरॉडसाठी एक शब्द

ब्रेंडा क्लेगने चष्मा काढला, एप्रनच्या टोकाने पुसला आणि यादी पुन्हा पहिल्यापासून वाचली. चष्मा बिचारा स्वच्छच होता. यादीत दोनच नावं होती, आणि त्यातलं वरचं नाव विल्फ ऑर्मरॉडचं होतं.

"काहीतरी चुकलंय," ती म्हणाली.

"दोनदा तपासलंय, मिसेस क्लेग," लँगरिज साहेब म्हणाले. वय तिशीच्या आतबाहेर, दक्षिणेकडच्या हेड ऑफिसातून तीन महिन्यांपूर्वी आलेले मॅनेजर. माणूस वाईट नव्हता. तिला बसायला खुर्ची दिली होती, बिस्किटांची बशी पुढे सरकवली होती. "दोघांना कमी करायचंय, आणि वेक्सच्या सुट्टीआधी यादी लागायला हवी. उगाच सुट्टीभर सगळ्यांच्या जिवाला घोर नको."

वेक्सच्या आठवड्यात उत्तर इंग्लंडच्या लँकेशायरमधलं ते अख्खं खोरं कारखान्यांना कुलपं लावून समुद्रावर जायचं. ती सुट्टी आठ दिवसांवर आली होती. सपातांच्या, म्हणजे घरात घालायच्या मऊ चपलांच्या, कारखान्यात तसाही उन्हाळा मंदीचाच, पण यंदाच्या, म्हणजे अठ्ठ्याऐंशी सालच्या मंदीचं लक्षण काही निराळंच होतं. हे सगळ्यांना कळत होतं आणि कुणीच बोलत नव्हतं.

"कॅथ व्हिटलचं समजू शकते," ब्रेंडा म्हणाली. "ती लग्न करून कॅनडालाच निघालीय. पण विल्फ? अहो, कापणी खात्यात विल्फ नसेल तर बाकीच्यांनी येऊन करायचं काय?"

"पण हे तर तुम्हीच लिहिलंय."

त्यांनी एक तक्ता तिच्यासमोर फिरवून ठेवला.

त्याचं असं होतं. सहा वर्षांपूर्वी हेड ऑफिसने एक फॉर्म काढला. खात्याच्या मुकादमाने दरवर्षी आपल्या प्रत्येक माणसाबद्दल एका चौकटीत एक शब्द लिहायचा आणि खाली त्या माणसाची सही घ्यायची. सोबत नमुन्यादाखल शब्दांची एक यादीही आली होती. कापणी खात्याची मुकादम म्हणून ब्रेंडाने तो सगळा प्रकार थट्टेवारीच नेला. सँड्रा दिवसभर गाणी म्हणायची, म्हणून तिच्यापुढे 'उत्साही' लिहिलं. डेरेक पिलिंग रोज उशिरा यायचा, पण चहाची गाडी आली की सर्वांच्या आधी धावायचा. त्याच्यापुढे 'पुढाकार घेणारा' लिहिलं आणि एकटीच हसली.

विल्फच्या फॉर्मवर मात्र ती हसली नव्हती. दोन कप चहा होईपर्यंत तो कोराच राहिला होता. सोळाव्या वर्षी ती कारखान्यात आली तेव्हा दाबयंत्राखाली हात कसा घालायचा, आणि मुख्य म्हणजे कसा घालायचा नाही, हे विल्फने शिकवलं होतं. सुट्टी होताना पुढच्या पाळीच्या माणसासाठी यंत्राची जाळी तपासून मगच तो कोट घालायचा. एका वर्षी साच्यांच्या चिठ्ठ्यांची अदलाबदल झाली आणि खात्याने चारशे सपातांचे नुसते डावे पाय कापले. तेव्हा विल्फ आईच्या दफनासाठी अर्ध्या दिवसाच्या रजेवर होता. तो असता तर चारच कापले गेले असते. हे सगळं आठवून तिने शेवटी 'भरवशाचा' असं लिहिलं, आणि आपण जरा जास्तच बोलून गेलो असं वाटून एकटी बसल्या बसल्या लाजली. या खोऱ्यातली माणसं लग्नाच्या जेवणालाही 'चालेल' म्हणतात. एखाद्याला तोंडावर चांगलं म्हणायचं म्हणजे त्यांना संकटच.

हेड ऑफिसने आता त्या शब्दांना गुण दिले होते. 'असामान्य'ला पाच, 'पुढाकार घेणारा'ला चार, 'उत्साही'ला तीन. अगदी तळाशी 'भरवशाचा' होता, एक गुण, आणि समोर बारीक अक्षरांत लिहिलेलं होतं: सांगितलेलं काम करतो, पुढे वाढीची शक्यता नाही.

"हे कुणी ठरवलं?" ब्रेंडाने विचारलं. तिचे कान तापले होते.

"तिकडे तो शब्द असाच वापरतात. दुसरं काही लिहिण्यासारखं नसलं की." साहेबांना खरंच वाईट वाटत असावं, कारण त्यांनी आवाज खाली आणला. "हे बघा, यंदाचे फॉर्म अजून टपालात गेलेले नाहीत, ऑर्मरॉडच्या फॉर्मवर तर सहीही व्हायचीय. बाराच्या टपालाआधी तुम्ही त्यांचा नवा फॉर्म भरून आणलात, त्यावर त्यांची सही असली, तर मी तो धरेन. मला तेवढा अधिकार आहे."

ब्रेंडा लगेच उठली. मग पुन्हा बसली.

"दोघांना जायचंय म्हणालात."

"हो. संख्या बदलता येत नाही."

"मग विल्फच्या जागी कोण?"

साहेबांनी पान उलटलं आणि बोट ठेवलं. तिथे तिचं स्वतःचं नाव होतं. मुकादमांचे फॉर्म साहेब लोक भरायचे, आणि आधीचे म्हातारे एन्टविसल साहेब निवृत्त होईपर्यंत दरवर्षी तिच्यापुढे तोच शब्द, 'भरवशाची', लिहीत गेले होते. ते याच खोऱ्यातले होते. खरं सांगायचं तर पहिल्या क्षणी तिला बरंच वाटलं. एन्टविसल साहेबांनी आयुष्यात कधी तिला धड गुड मॉर्निंगही केलं नव्हतं. दुसऱ्या क्षणी तिला टेरेन्स आठवला. तिच्या नवऱ्याची कापडगिरणी बंद पडून चौदा महिने झाले होते. तेव्हापासून तो घरीच होता आणि परसातल्या फाटकाला रंग देत होता.

"नवा फॉर्म द्या," ती म्हणाली.

तिने तो तिथेच, साहेबांच्या पेनाने भरला. 'असामान्य' हा शब्द नमुन्याच्या यादीत बघून लिहिला.

कापणी खात्यात दहाच्या चहाची सुट्टी झाली होती. विल्फ आपल्या बाकड्यावर बसून चीज-कांद्याचं पॅटिस खात होता. छप्पन वर्षांचा, बारीक चणीचा माणूस. कारखान्याबाहेर त्याला एक बहीण, बटाट्याचा एक वाफा आणि रविवारचं चर्च एवढंच होतं. आधी भरलेला जुना आणि हा नवा, असे दोन्ही फॉर्म हातात धरून ब्रेंडा समोर उभी राहिली.

"इथे सही कर. लवकर."

विल्फने हात पुसले. इतकी वर्षं तो न वाचताच सही करत आला होता, पण आज तिचा चेहरा बघून त्याने कागद उजेडात धरला.

"हे कोण आहे?"

"तूच की."

"असामान्य?" तो हसला. "ब्रेंडा, अगं, बरं वाटतंय ना तुला?"

मग तिने त्याला यादीचं सांगितलं, आणि गुणांचं सांगितलं. भरभर बोलली, इकडेतिकडे बघत बोलली. तिचं झाल्यावर विल्फने दुसऱ्या कागदासाठी हात पुढे केला.

"जुना बघू."

जुना त्याने बराच वेळ बघितला. तिथे वाचायला शब्द एकच होता.

"सहाही वर्षं हेच लिहिलंस?"

"हेच."

"मला कधी बोलली नाहीस."

"तू तरी मला कधी काही म्हणालास?"

"म्हणालो होतो. तुझा नाताळचा केक बरा झाला होता, त्या वर्षी म्हणालो होतो."

"'बरा झालाय' नव्हतास म्हणाला. 'करपला नाही' म्हणालास."

"म्हणजे तेच ना!"

दोघं हसले. पलीकडे सँड्रा गाणं म्हणत कप विसळत होती. विल्फने पॅटिसचा उरलेला तुकडा कागदात गुंडाळला, कागदाच्या घड्या नखाने नीट दाबल्या.

"मग माझ्या जागी कोण जाणार?"

"ते ठरायचंय अजून," ब्रेंडा म्हणाली.

ती त्याच्या बाकड्यावरचे फेल्टच्या कापडाचे धागे गोळा करू लागली. एकेक धागा चिमटीत धरून उचलत होती. विल्फ तिच्या बोटांकडे बघत राहिला.

"टेरेन्सला काम लागलं का गं कुठे?"

"नाही अजून."

"आणि फाटक?"

"तिसरा हात चाललाय. या वेळी हिरवा."

विल्फने मान हलवली. कानामागची पेन्सिल काढली, परत ठेवली आणि तिच्या हातातलं पेन मागून घेतलं. जुना फॉर्म मांडीवर सरळ केला आणि खाली, ठरलेल्या जागी, आपलं पूर्ण नाव सावकाश लिहिलं. नवा फॉर्म सही न करताच तिच्याकडे परत केला.

"विल्फ, अरे, डोकं फिरलंय का तुझं?"

"खोट्यावर सही कशी करू? मी काय असामान्य आहे? मला साधी पोहण्याची भीती वाटते."

"छप्पनाव्या वर्षी कोण घेणार आहे तुला कामावर?"

"बघू. बटाटे आहेत."

"थट्टा करू नकोस. बहिणीला काय सांगशील?"

"ती म्हणेल, चला, आता तरी छपराची गळती काढ." त्याने पेन तिच्या एप्रनच्या खिशात सोडलं. "जा तू. बाराचं टपाल चुकेल."

ब्रेंडा तीनदा बोलली होती. चौथ्यांदा बोलायला हवं होतं हे तिला तिथे उभं असतानाच कळत होतं. त्याला काय कळलंय तेही तिला कळलं होतं. 'तुझ्या जागी माझं नाव आहे रे' एवढं म्हणायचं, त्याच्या हातात पेन परत कोंबायचं आणि उभं राहायचं, की झालं. पण तिला वाटलं ते सुटल्यासारखं, खांद्यावरचं पोतं कुणी परस्पर उतरवून घ्यावं तसं. त्या सुटल्यासारखं वाटण्याची तिला इतकी लाज वाटली की ती त्याच्याकडे न बघताच वळली. ऑफिसच्या जिन्यावर तिच्या लक्षात आलं की आपण दोन दोन पायऱ्या चढतोय. तिचा गुडघा गेली चार वर्षं दुखत होता.

"झालं?" लँगरिज साहेबांनी विचारलं.

तिने दोन्ही कागद टेबलावर ठेवले. साहेबांनी ते पाहिले आणि भुवया उंचावल्या.

"नवा नाकारला त्यांनी?"

"हो."

"सांगितलंत ना त्यांना सगळं? गुणांचं, यादीचं?"

"ते सगळं सांगितलं."

"मग?"

"म्हणाला, शब्द खरा नाही."

विल्फ तसं म्हणाला होता, हे खरंच होतं.

"कमाल आहे. तुमच्या जागी मी स्वतःहून कुणासाठी एवढं केलं नसतं." साहेबांनी नवा फॉर्म उलटा केला. मागच्या बाजूला एक छोटी चौकट होती. "सही नाकारली तर इथे कारण लिहावं लागतं. एका शब्दात. हे पान त्यांच्या फाइलीत राहील, म्हणून विचारतोय. उद्या दुसऱ्या कुठल्या कारखान्याने त्यांची चौकशी केली, तर आम्ही यावरूनच कळवतो."

ब्रेंडाने एप्रनच्या खिशातलं पेन काढून टेबलावर ठेवलं.

"हट्टी, असं लिहू?" साहेबांनी पेन टेकवायच्या आधी वर बघितलं. त्यांना खरंच जाणून घ्यायचं होतं. "तुम्ही त्यांना जास्त ओळखता. दुसरा काही शब्द आहे का?"

दुसरा शब्द होता. पण तो सांगितला असता तर साहेबांनी पुढे 'का' विचारलं असतं, आणि त्या 'का'चं उत्तर साहेबांनी मघाशी उलटलेल्या पानावर तिच्या नावाने लिहिलेलं होतं. खाली चहाची सुट्टी संपल्याची घंटा झाली आणि दाबयंत्रं एकामागून एक सुरू झाली. विल्फचं नेहमीप्रमाणे सगळ्यात आधी.

"नाही," ब्रेंडा म्हणाली. "लिहा."

त्यांनी लिहिलं आणि कागद तिच्याकडे फिरवला. साक्षीदाराच्या जागी तिने सही केली.