बाजारातलं चित्रण

मामांनी कॅमेरा तिच्या हातात कोंबला, ट्रायपॉड मिटवून उचलला आणि ते गर्दीत घुसले.

बाजाराच्या तोंडाशी लोकांनी एका चादरी विकणाऱ्याला पाडलं होतं. तो मुलं पळवतो, असं कुणीतरी म्हणालं होतं, तेवढं पुरलं. एकाने त्याचं डोकं गटाराच्या कडेवर आपटलं. दुसरा त्याच्या बोटांवर टाच रोवून उभा राहिला. चपला, सळ्या, सायकलची साखळी, ज्याच्या हाताला जे लागेल ते. अशाच जमावांवर ती तीन वर्षं माहितीपट करत होती. मेलेल्यांच्या आया, बायका, भाऊ, सगळ्यांशी बोलली होती. मारणं मात्र पहिल्यांदाच पाहत होती. तिने चित्रण सुरू केलं.

मामा चादरवाल्यावर पालथे पडले. साखळीचा फटका त्यांच्या डाव्या डोळ्यावर बसला. पोलीस आले तेव्हा चादरवाला जिवंत होता. मामांचा डोळा गेला.

महिन्याभराने ते एडिटिंगच्या खोलीत आले. तिच्या पहिल्या माहितीपटापासून कॅमेरा त्यांच्याकडेच असायचा. युनिटमध्ये सगळे त्यांना मामाच म्हणत.

"बरंच झालं," खुर्ची ओढत ते म्हणाले. "आता फ्रेम लावताना एक डोळा मिटायचे कष्ट वाचले."

ती हसली नाही. तिने बाजाराचा प्रसंग लावला. साखळीचा फटका, मामांच्या चेहऱ्यावरून ओघळणारं रक्त आणि लगेच पोलिसांची गाडी.

"मधलं कुठे गेलं?"

"मधलं काय?"

"मी त्या साखळीवाल्याला हाणलं ते. खाली पडला होता, तरी हाणत होतो. त्याचा जबडा मोडला, अगं."

"ते काढलंय. तुम्ही एका माणसाचा जीव वाचवलात, लोकांनी ते बघावं. उद्या हे त्या साखळीवाल्याच्या वकिलाच्या हाती पडलं तर तुम्हालाच आत टाकतील."

"टाकू देत. इतकी वर्षं लोकांच्या घरात शिरून आपण त्यांना खरं बोला म्हणतोय. लाव."

तिने कापलेला तुकडा शोधून लावला. पडद्यावर साखळीवाला हात जोडत होता. मामांनी ट्रायपॉड दोन्ही हातांनी डोक्यावर नेला. तो खाली आला. पुन्हा आला. चादरींच्या गठ्ठ्यावर रक्त उडालं. हे सगळं निःशब्द चाललं होतं.

"आवाज?" पडद्यावरची नजर न हटवता मामांनी विचारलं.

"नुसता गोंगाट आहे. काही कळत नाही."

"वाढव."

ती बसून राहिली. शेवटी मामांनीच हात लांबवून बटण फिरवलं.

आरडाओरडा, कुत्र्याचं भुंकणं, आणि त्या सगळ्याच्या वर, कॅमेऱ्याला अगदी चिकटून, एका बाईचा घसा फाटलेला आवाज.

"मारा! मामा, अजून मारा! सोडू नका त्याला!"

तिने खाली मान घातली. तुकडा संपला.

"मी तेव्हाच ऐकलं होतं," मामा म्हणाले.

ते उठले. दारापाशी पोचल्यावर त्यांनी कडीवर हात ठेवला.

"मारणारा मी राहू दे तिथे. बाकी तुझं तू बघ."

ते गेल्यावर तिने तुकडा परत त्याच्या जागी बसवला. मग आवाजाच्या पट्टीवर बोट ठेवून ती कितीतरी वेळ बसून राहिली.